वहीतला पाऊस मोबाइलच्या पडद्यावर



मागच्या एका नोंदीसोबत मी पावसाच्या पट्ट्यांचं चित्र टाकलं होतं. बोट फिरवलं की तारीख आणि मिलिमीटर दिसतात, ते. तेव्हापासून फोन चालू आहेत. हे कुठलं अ‍ॅप, पैसे किती पडतात, आमच्या गावाचं पण करून द्या. अ‍ॅप नाही ते. आणि मी करून दिलं तर तुमच्या काही कामाचं नाही, कारण त्यात पाऊस तुमचा लागतो आणि तो तुमच्याच वहीत आहे. म्हणून आज खतं-बियाणं बाजूला ठेवून हे कसं करायचं तेवढंच लिहितो. नोंद लांब होणार आहे. मे महिना आहे, दुपारी घरातच बसावं लागतं, वाचून होईल.

आधी वहीबद्दल. आमचं गाव कल्याण तालुक्यात, टिटवाळ्याच्या पुढे, काळू नदीच्या अंगाला. अंगणात झाडाच्या आणि पन्हाळीच्या बाहेर, मोकळ्यावर पर्जन्यमापक लावलाय. रोज सकाळी साडेआठला वाचायचा. हवामान खात्याचीही हीच वेळ आहे. आदल्या दिवशी साडेआठपासून आज साडेआठपर्यंत जे पडलं ते आजच्या तारखेला लिहायचं. मी कल्याणला भाजी घेऊन गेलो असेन तर बायको वाचते, म्हणून वहीत दोन अक्षरं दिसतात आणि तिचं अक्षर चांगलं आहे. अशी २०१४ ते २०२४, ११ पावसाळ्यांची नोंद आहे. नव्या मंडळींसाठी सांगतो, १ मिलिमीटर पाऊस म्हणजे एका चौरस मीटरवर १ लिटर पाणी. गुंठ्याला साधारण १०१ लिटर, एकराला चार हजारांच्या वर. एवढं डोक्यात ठेवलं की वहीतला '४०' हा आकडा नुसता आकडा राहत नाही.

पण खरं सांगतो, ही वही कुणी वाचत नव्हतं. मी सुद्धा फक्त लिहीत होतो. वर्षाच्या शेवटी बेरीज करायची, मागच्या वर्षीपेक्षा जास्त की कमी ते बघायचं आणि वही फळीवर. आपल्याकडे बेरजेने काही कळत नाही. ठाणे जिल्ह्यात पावसाची बेरीज सहसा कमी पडत नाही, आपली बोंब असते उघडीपीची. जुलैमध्ये बांध फुटेस्तोवर पडतो आणि भात पोटरीत आलं की दहा दिवस आभाळ कोरडं. बेरजेत ते दहा दिवस दिसतच नाहीत.

आणि आमच्या घरात प्रश्न नेमका त्या दहा दिवसांचा होता. वरचं खाचर, माळाकडचं, मुरमाड आहे. पाणी धरत नाही. आम्ही तिथे खालच्यासारखंच गरवं भात लावत आलो आणि ते तीन वर्षांतून दोनदा पळिंज होतं. दिसायला लोंबी, हातात भूस. धाकटा भाऊ दोन वर्षं म्हणत होता, "दादा, ते खाचर आपल्याला पोसत नाही, आपण त्याला पोसतोय. भराव टाकून गाळ्याला देऊन टाकू." भिवंडीपासून इकडे सगळीकडे गोदामं होतायत, भाडं महिन्याला बँकेत येतं, त्याचं म्हणणं अगदीच चूक नाही. शेजारचे तात्या म्हणत, हळवं टाका, सप्टेंबरात मोकळे व्हा. मला दोघांनाही उत्तर द्यायचं होतं, पण "मला असं वाटतं" एवढंच माझ्याकडे होतं. एकदा भराव पडला की त्या जमिनीत पुन्हा नांगर जात नाही, म्हणून वाटण्यापेक्षा जास्त काहीतरी हवं होतं.

भाची डोंबिवलीला राहते, कॉम्प्युटरचं शिकते. दिवाळीत आली तेव्हा वही चाळत बसली आणि म्हणाली, "मामा, हे पडद्यावर काढू. तुम्हीच काढाल, मी फक्त बसते." मला वाटलं एक्सेल दाखवेल. तिने दाखवलं ते पी-फाइव्ह. पूर्ण नाव पी५.जेएस.

हे काय आहे ते माझ्या भाषेत सांगतो. तुमच्या मोबाइलमधला ब्राउझर, म्हणजे क्रोम वगैरे, त्याला एक भाषा कळते, जावास्क्रिप्ट. १९९५ साली ब्रेंडन आइक नावाच्या माणसाने नेटस्केप कंपनीत ती दहा दिवसांत उभी केली, असं सांगतात. त्या भाषेत थेट चित्र काढता येतं, पण बारीकसारीक फार लिहावं लागतं. म्हणून कुणीतरी ती खटपट आधीच करून ठेवतं आणि आपल्याला सोप्या आज्ञा देतं. त्या तयार आज्ञांच्या गाठोड्याला लायब्ररी म्हणतात. पुस्तकांच्या लायब्ररीशी काही संबंध नाही. मला ती लोहाराकडून आणलेल्या अवजारासारखी वाटते. लोखंड आपण वितळवत नाही, फाळ तयार आणतो, शेतात कसा चालवायचा ते आपलं काम.

पी५ चं मूळ २००१ मध्ये अमेरिकेत एमआयटीत आहे. केसी रियास आणि बेन फ्राय या दोघांनी प्रोसेसिंग नावाचं साधन काढलं. कशासाठी, तर चित्रकार आणि डिझाइनवाल्या लोकांना प्रोग्रॅमिंग जमावं म्हणून. सुरुवातीला त्याचं नाव लिहिताना दोन एसच्या जागी दोन पाचचे आकडे लिहीत, त्यावरून पी५. पुढे २०१३ पासून लॉरेन मॅकार्थी यांनी तेच ब्राउझरमध्ये चालेल असं केलं. फुकट आहे, कुणाची परवानगी लागत नाही, आणि त्यांच्या संकेतस्थळावर हिंदीतही माहिती आहे. इंजिनिअर लोकांसाठी डी३ नावाची दुसरी लायब्ररी आहे, आलेख काढायला ती जास्त ताकदीची. भाचीने तीही दाखवली. मला सुरुवातीला पी५ बरी वाटली, कारण पहिल्या पाच मिनिटांत पडद्यावर काहीतरी उमटतं. दहावी झालेल्या माणसाला पाच मिनिटांत काही उमटलं नाही तर तो लॅपटॉप बंद करून गोठ्यात जातो.

आता कृती. एडिटर डॉट पी५जेएस डॉट ओआरजी हे पान उघडा. काही उतरवून घ्यायला लागत नाही. नुसतं करून बघायला खातंही लागत नाही, ठेवायचं असेल तर खातं काढा. मोबाइलवर चालतं, पण टाइप करायला जुना लॅपटॉप मिळाला तर डोळे वाचतात. डावीकडे लिहायची जागा, उजवीकडे चित्र, वर त्रिकोणी बटण दाबलं की चालू. मी इथे सगळं नागरीत लिहितोय, तिथे आज्ञा इंग्रजी लिपीतच लिहायच्या. लहान-मोठं अक्षर जसंच्या तसं. क्रिएटकॅनव्हास मधला 'सी' दुसऱ्यांदा येतो तो मोठाच हवा, नाहीतर यंत्र ओळखत नाही. चुकलं तर खालच्या पट्टीत लाल ओळ येते आणि कितव्या ओळीत बिघाड आहे ते सांगते.

पान उघडल्यावर दोन कप्पे आधीच लिहिलेले असतात, सेटअप आणि ड्रॉ. हे दोन समजले की निम्मं काम झालं. सेटअप एकदाच चालतो, सुरुवातीला. राब भाजणी, बांधबंदिस्ती, चिखलणी हे जसं हंगामाला एकदा, तसं. ड्रॉ मात्र थांबत नाही, सेकंदाला साधारण ६० वेळा पुन्हा पुन्हा चालतो. रात्री डुकरं राखायला बसलेला माणूस जसा सारख्या फेऱ्या मारतो, तसा. प्रत्येक फेरीत तो सगळं चित्र नव्याने काढतो. म्हणून ड्रॉच्या पहिल्या ओळीत बॅकग्राउंड लिहिलेलं असतं, तो फळा पुसतो. ती ओळ काढून बघा, जुनं चित्र तसंच राहतं आणि त्यावर नवं चढतं, सगळा चिखल होतो. हे मुद्दाम करून बघाच. चित्र हलतं म्हणजे नेमकं काय होतं ते तिथे समजतं. आपल्या कामाला ६० फेऱ्या लागत नाहीत, सेटअपमध्ये फ्रेमरेट १० लिहून टाकलं की मोबाइलची बॅटरी वाचते.

सेटअपमध्ये क्रिएटकॅनव्हास, कंसात रुंदी आणि उंची. हे आपलं खाचर. मापं टिंबांत. मी ३०६ रुंदी घेतली. का? १ जून ते ३१ ऑक्टोबर हे १५३ दिवस होतात, दर दिवसाला २ टिंबं, झाले ३०६. साध्या मोबाइलच्या रुंदीत बसतं. चौकोन काढायची आज्ञा रेक्ट, तिला चार आकडे: डावीकडून किती, वरून किती, रुंदी, उंची. रंगासाठी फिल, तिला तीन आकडे, तांबडा-हिरवा-निळा, प्रत्येक ० ते २५५.

आता 'वरून किती' म्हटलं ते नीट बघा. शाळेत आपल्याला आलेख शिकवला तेव्हा शून्य खाली डाव्या कोपऱ्यात होता आणि आकडा वाढला की रेघ वर जायची. पडद्याचं उलटं आहे. शून्य वरच्या डाव्या कोपऱ्यात आणि आकडा वाढला की खाली. जुन्या डब्ब्याच्या टीव्हीत किरण वरच्या डाव्या कोपऱ्यापासून ओळी मारत खाली यायचा, तीच रीत पुढे चालत आली. शिकणाऱ्या पोरांना हे उलटं फार छळतं म्हणे. मला तर ते बरोबर वाटलं. पाऊस वरूनच पडतो! दिवसाची पट्टी वरच्या रेघेपासून सुरू करायची आणि जितका पाऊस तितकी खाली लोंबू द्यायची. मी ते तसंच ठेवलं. नंतर पाटबंधाऱ्यातून निवृत्त झालेल्या एका साहेबांना दाखवलं तर ते म्हणाले, आमच्या आलेखांत असंच काढतात, पाऊस वरून खाली लोंबता आणि त्याच कागदावर नदीचं पाणी खालून वर चढतं, म्हणजे पाऊस कधी पडला आणि नदी किती वेळाने चढली ते एका नजरेत दिसतं.

मग वहीतले आकडे. ते चौकोनी कंसात स्वल्पविराम देऊन एका ओळीत लिहायचे आणि त्या ओळीला नाव द्यायचं. इथे मला मोठी गंमत कळली. ते नाव मराठीत चालतं! आज्ञा इंग्रजीत, पण आपण ठेवलेली नावं नागरीत लिहिली तरी जावास्क्रिप्ट मुकाट्याने घेते. माझ्या कामात पाऊस, वर्ष, पेरणी, निसवण अशी नावं आहेत. सहा महिन्यांनी उघडून बघितलं तरी काय लिहिलंय ते कळतं. चित्रावर अक्षरं काढायची टेक्स्ट ही आज्ञा, तीही अवतरणचिन्हांत मराठी दिलं तर मराठीच उमटवते, जोडाक्षरांसकट. फक्त आकडे इंग्रजी हवेत. नागरी ४५ लिहिलं तर यंत्र अडतं.

दुसरी गोष्ट, मोजणी शून्यापासून. १ जून हा शून्यावा दिवस, ३१ ऑक्टोबर १५२ वा. बांधाच्या टोकाला पहिली खुंटी ठोकतो तिथे अंतर शून्यच असतं ना, तसं धरा. मग फॉर नावाची आज्ञा शून्यापासून १५२ पर्यंत फिरवते आणि दर दिवसाची पट्टी काढते. १५३ ओळी लिहायला लागत नाहीत, तीन ओळींत होतं.

आता दोन जागी जरा थांबतो, कारण इथे चित्र खोटं बोलू शकतं. कृषी खात्यातली मंडळी वाचत असतील, त्यांनी हे जास्त बघावं.

एक, मोठ्या पावसाचं माप. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पडला होता, सगळ्यांना आठवतो. समजा चित्राची उंची त्या मापाने धरली आणि एका वर्षाच्या पट्टीला ४० टिंबं उंची दिली, तर २० मिलिमीटरचा चांगला पाऊस एका टिंबाएवढाही दिसत नाही. आणि भाताला ९४४ चा उपयोग नाही, २० चा आहे. ते पाणी बांधावरून नदीला जातं. म्हणून मी माप १०० ला कापलंय. कन्स्ट्रेन ही आज्ञा १०० च्या वरचं सगळं १०० वर आणते, आणि मॅप ही आज्ञा ० ते १०० मिलिमीटरचे ० ते ३६ टिंब करून देते. कापलेल्या दिवसाच्या टोकाला लाल ठिपका, म्हणजे बघणाऱ्याला कळावं की इथे जास्त पडलाय. २०१९ च्या २६-२७ जुलैला उल्हासला पूर आला आणि बदलापूर-वांगणीच्या मध्ये महालक्ष्मी एक्स्प्रेस पाण्यात अडकली, तो लाल ठिपका आमच्या पट्टीतही आहे.

दोन, न वाचलेला दिवस. 'पाऊस नाही' आणि 'नोंद नाही' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वहीत एखादा दिवस कोरा असेल तर तिथे शून्य टाकू नका. शून्य टाकलं की चित्रात खोटी उघडीप तयार होते आणि आपण तर उघडीपच शोधतोय. मी तिथे उणे १ टाकतो आणि इफ लावून त्या दिवसाला राखाडी रंग देतो. पावसाचा दिवस कुठला धरायचा, तर हवामान खातं २.५ मिलिमीटर आणि वर असेल तर पावसाचा दिवस म्हणतं. त्याच्या आतल्या रिपरिपीला मी फिकट निळा दिलाय. धूळ बसते तेवढाच पाऊस तो, मुरमाड खाचराला त्याने काही होत नाही.

बोटाचं काम सर्वांत सोपं निघालं. बोट किंवा माउस डावीकडून कितव्या टिंबावर आहे ते पी५ स्वतःच सांगते, त्याचं नाव माउसएक्स. त्याला २ ने भागलं, फ्लोअरने अपूर्णांक काढला की दिवस मिळाला. त्या दिवसाचा पाऊस वाचून टेक्स्टने लिहायचा, झालं. मोबाइलवर एक अडचण येते, बोट ओढलं की चित्राऐवजी पानच सरकतं. त्याला टचमूव्ड नावाचा कप्पा करून आत रिटर्न फॉल्स एवढंच लिहायचं.

एका वर्षाची पट्टी जमल्यावर ११ वर्षांच्या ११ पट्ट्या एकाखाली एक काढल्या. हिवाळ्याच्या तीन-चार रात्री नुसते आकडे भरण्यात गेल्या. बायको वाचून दाखवायची, मी टाइप करायचो. आणि मग बटण दाबलं. निळ्या पट्ट्यांमध्ये जिथे उघडीप, तिथे पांढरं. वही ११ वर्षं माझ्या हाताखाली होती, पण हे मला त्या रात्री पहिल्यांदा दिसलं की सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यापासून पुढे ११ पैकी ७ वर्षांत पांढरा पट्टा आहे, आठ-आठ दिवसांचा, कधी त्याहून मोठा. एकाच उभ्या रांगेत, एकाखाली एक.

तरी एवढ्याने भावाचं समाधान झालं नसतं, आणि माझंही. पाऊस कधी नसतो ते कळलं, पण भात तेव्हा कुठे असतं? त्यासाठी भाचीने शेवटची आज्ञा दाखवली, क्रिएटस्लायडर. रेडिओवर आवाज कमी-जास्त करायची सरकपट्टी असते ना, तशी पट्टी चित्राखाली येते. तिला मी 'पेरणी' नाव दिलं. पट्टी सरकवली की राबातली पेरणीची तारीख पुढे-मागे होते आणि तिच्याबरोबर पिकाच्या अवस्था पावसावर सरकतात. भातशास्त्रातली एक गोष्ट इथे कामाला आली. आपल्या हवेत निसवण झाल्यापासून कापणीपर्यंत साधारण ३० दिवस लागतात, वाण हळवं असो की गरवं. त्याच्या आधी पोटरी घडायला साधारण ३५ दिवस. फरक असतो तो सुरुवातीच्या वाढीत. म्हणजे वाणाच्या एकूण दिवसांतून ३० वजा केले की निसवण मिळाली.

१० जूनला राबात बी टाकलं असं धरा. १४० दिवसांचं गरवं २८ सप्टेंबरच्या सुमाराला निसवतं. म्हणजे आमच्या पांढऱ्या पट्ट्याच्या बरोबर तोंडात! खालच्या खाचरात नदीचा ओलावा असतो, तिथे ते निभावतं. वरच्यात जमिनीत काही उरलेलंच नसतं. पळिंज का होतं त्याचं उत्तर समोर होतं.

मग तात्यांचं हळवं टाकून बघितलं, ११० दिवसांचं. निसवण २९ ऑगस्ट, भरपूर निळं, झकास. पण कापणी २८ सप्टेंबर. मुंबईतून पाऊस परत जायची सरासरी तारीख हवामान खात्याने ८ ऑक्टोबर धरली आहे. ज्या वर्षी पांढरा पट्टा येत नाही, त्या वर्षी कापलेलं भात खाचरात भिजणार, दाण्याला मोड येणार. ११ पैकी ४ वर्षांचा जुगार. तात्यांना पट्टी स्वतः सरकवायला दिली. त्यांनी चष्मा लावून दोन-तीनदा पुढे-मागे केली आणि म्हणाले, "अरे, मग मधलं टाका की." निमगरवं, १२५ दिवसांचं. निसवण १३ सप्टेंबर, कापणी १३ ऑक्टोबर. निसवताना बहुतेक वर्षी निळं, कापताना बहुतेक वर्षी पांढरं. आमच्या घरात दोन वर्षं गाळा की हळवं एवढाच वाद चालला होता, निमगरव्याचं नाव त्यात कुणी घेतलंच नव्हतं.

भावाने काही लगेच मान डोलावली नाही. त्याने मोबाइल घेतला, पट्टी १ जूनला नेली, २५ जूनला नेली, मग विचारलं, "आणि पाऊसच उशिरा आला तर?" हा प्रश्न मला आवडला, कारण त्याचं उत्तर द्यायला मला तोंड उघडावं लागलं नाही. त्याच्याच बोटाखाली होतं. २५ जूनला पेरलं तर निमगरवंही २८ सप्टेंबरला, पांढऱ्या पट्ट्यात जातं. म्हणजे त्या वर्षी वरच्या खाचराला हळवंच. तो म्हणाला, "बरं, एक हंगाम बघू. पण एकच." गाळ्याचा विषय मिटलेला नाही, पुढे ढकललाय.

या चित्रात काय नाही तेही सांगतो. ओळखीच्या एका कृषी सहायकांना पाठवलं तर त्यांनी लगेच खोड काढली, आणि बरोबर काढली. आपली जुनी गरवी गावठी वाणं दिवसाच्या लांबीवर निसवतात. दिवस लहान व्हायला लागला की पेरणी कधीही केलेली असो, ती आपल्या ठरलेल्या वेळीच निसवणार. त्यांना स्लायडर लागू नाही. सुधारित वाणांना हा हिशोब बराचसा लागू होतो, गावठीला नाही. म्हणून मी गावठीसाठी निसवणीची तारीख पक्की बांधून ठेवली आहे, पट्टी सरकली तरी ती हलत नाही. शिवाय रोप राबात जास्त दिवस राहिलं, २५ दिवसांच्या पुढे गेलं, तर लावणीनंतर ते रखडतं आणि सगळंच मागे जातं, तेही यात धरलेलं नाही. जमिनीत पाणी किती उरलं याचा हिशोब नाही. ११ वर्षं म्हणजे फार नाहीत. आणि पाऊस माझ्या अंगणातला आहे. मंडळाच्या स्वयंचलित केंद्राचा आकडा आणि माझा आकडा कित्येक दिवशी जुळत नाही, कारण मध्ये टेकडी आहे. नदीपलीकडच्या गावाला माझं चित्र लावू नका.

झालेलं काम एडिटरमधून शेअरच्या बटणाने लिंक करून व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवता येतं, समोरच्याला काही टाकून घ्यावं लागत नाही. गावात नेटची बोंब असेल तर लायब्ररीची फाइल एकदा उतरवून आपल्या पानाशेजारी ठेवली की नेट नसतानाही चालतं. शेतावर मी तसंच वापरतो.

निमगरव्याचं बी आणलंय, मिठाच्या पाण्यात घालून तरंगणारं काढून टाकायचं काम रविवारी आहे. आंबिवली, खडवली, मुरबाड रस्त्याकडच्या कुणाच्या घरी वडिलांच्या, आजोबांच्या पावसाच्या वह्या असतील तर त्या रद्दीत घालू नका. पानांचे फोटो काढून मला पाठवा, ज्या दिवशी नोंद नाही ते पान कोरं असलं तरी तसंच पाठवा. टाइप करायला बायको तयार आहे, मी विचारून घेतलंय.